प्लेस्टेशन ३ च्या मेनूतला पसारा: काय काढावे, काय ठेवावे आणि कोणत्या क्रमाने

चौकोनी_बटण (पुणे), धागाकर्ता

प्लेस्टेशन ३ या सोनीच्या व्हिडिओ गेम खेळण्याच्या यंत्राची विक्री जपानात ११ नोव्हेंबर २००६ रोजी सुरू झाली. ज्यांच्या घरी हे यंत्र अजून धडधाकट आहे त्यांच्या मेनूत आता बऱ्याच वर्षांचा ऐवज साठलेला असतो. एकदाच उघडून सोडून दिलेले डेमो, 'प्लेस्टेशन प्लस' या सशुल्क सेवेचे सदस्यत्व संपल्यावर कुलूप लागलेले खेळ, भावंडांनी आणि मित्रांनी कधीतरी काढलेली खाती, आणि ज्यांच्यामागची सेवाच बंद झाली आहे असे आयकॉन. या पसाऱ्याचे काय करावे, याविषयी येथे विस्ताराने लिहीत आहे. इतर सदस्यांनी आपापल्या यंत्रांचे अनुभव जोडावेत, कारण सगळ्या आवृत्त्या माझ्या हाताखालून गेलेल्या नाहीत.

या मेनूची रचना मुळात सुबक आहे. आडव्या रांगेत विभाग आणि प्रत्येक विभागाखाली उभी यादी, अशी ही 'क्रॉसमीडियाबार' नावाची मांडणी सोनीने २००३ साली जपानात आणलेल्या पीएसएक्स या रेकॉर्डरवर प्रथम वापरली, पुढे ती पीएसपी या हातात धरून खेळायच्या यंत्रावर आली आणि मग प्लेस्टेशन ३ वर. यादी पाचदहा नोंदींची असेल तोवर तिच्याइतकी झटपट मांडणी दुसरी नाही. ती शंभरावर गेली की मात्र अंगठा दुखेपर्यंत खाली जात राहावे लागते. आडव्या रांगेतले विभाग लपवण्याची सोय यंत्रात नाही, त्यामुळे आपल्या हाती राहते ती फक्त उभी यादी.

पहिली गोष्ट म्हणजे, या यंत्रात जे डोळ्यांना दिसते ते आणि जे जागा खाते ते, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. 'गेम' विभागात दिसणारा आयकॉन हा डाउनलोड करून बसवलेल्या खेळाचा असतो. डिस्कवरून खेळायचा खेळ यादीत फक्त डिस्क आत असेपर्यंत दिसतो, पण त्याने हार्ड डिस्कवर उतरवून ठेवलेला ऐवज आणि त्याचे अपडेट 'गेम डेटा युटिलिटी' या फोल्डरात कायम पडून असतात. ज्या डिस्का विकून किंवा हरवून जमाना लोटला, त्यांचाही डेटा तेथे सापडतो. तिसरी जागा 'सेव्ह्ड डेटा युटिलिटी'ची, म्हणजे खेळातली आपली प्रगती साठवणाऱ्या 'सेव्ह' नोंदींची. ती सहसा फारशी जागा घेत नाही, पण गेली तर परत येत नाही. म्हणून माझा सरळ सल्ला असा आहे की जागेसाठी गेम डेटा युटिलिटीत जावे, डोळ्यांना बरे वाटावे म्हणून गेम विभागातले आयकॉन काढावेत, आणि सेव्हना पेन ड्राइव्हवर प्रत उतरवल्याखेरीज हात लावू नये.

कोणत्याही नोंदीवर उभे राहून कंट्रोलरवरचे त्रिकोणाचे बटण दाबले की उजवीकडे पर्यायांची पट्टी उघडते. तिच्यात 'डिलीट' असते आणि 'इन्फर्मेशन'ही असते. या दुसऱ्या पर्यायाकडे बहुतेकांचे लक्ष जात नाही, आणि सगळी गंमत तेथेच आहे. इन्फर्मेशनच्या पानावर खेळाचे आकारमान दिसतेच, शिवाय 'अल्बम' नावाची एक ओळ असते आणि ती आपल्याला संपादित करता येते. दोन किंवा अधिक खेळांना एकच अल्बमचे नाव दिले की ते एकत्र येतात. मग गेम विभागात परत येऊन चौकोनाचे बटण दाबावे. प्रत्येक दाबण्यासरशी यादीच्या वर्गीकरणाची रीत बदलते, आणि अल्बमची रीत आली की आपण दिलेल्या नावांचे फोल्डर समोर येतात. म्हणजे फोल्डर करण्याची सोय यंत्रात आहे, पण 'नवा फोल्डर' असे कुठे लिहिलेले नसल्यामुळे अनेकांनी ती कधी पाहिलेलीच नसते.

आता क्रमाविषयी. यंत्राच्या सेफ मोडमध्ये, म्हणजे दुरुस्तीसाठीच्या वेगळ्या मेनूत, 'रिबिल्ड डेटाबेस' हा पर्याय आहे. तो यंत्रातल्या नोंदींची सूची नव्याने बांधतो. बरीच खोडाखोड झाल्यावर, मेनू अडखळू लागल्यावर किंवा काढलेल्या नोंदींची भुते यादीत राहिल्यावर तो वापरावा असे सगळीकडे सांगतात, आणि ते योग्यच आहे. मात्र त्या प्रक्रियेत खेळ आणि सेव्ह सुरक्षित राहिले, तरी संदेश, प्लेलिस्ट, व्हिडिओंची लघुचित्रे आणि इन्फर्मेशनच्या पानावर केलेले बदल पुसले जातात. आपले सगळे फोल्डर इन्फर्मेशनच्या पानावरच उभे असल्यामुळे तेही त्यात जातात. एकेका खेळाला कंट्रोलरने नाव टंकून फोल्डर रचायचे आणि मग डेटाबेस नव्याने बांधायचा, हा निव्वळ उलटा प्रवास आहे. आधी काढाकाढ, मग रिबिल्ड, आणि अगदी शेवटी फोल्डर, हा क्रम पाळावा.

काही नोंदी निःशंकपणे काढण्यासारख्या आहेत. 'लाइफ विथ प्लेस्टेशन' ही सेवा २०१२ मध्ये संपली, 'प्लेस्टेशन होम' ३१ मार्च २०१५ रोजी बंद झाले. त्यांचे अवशेष कोणाच्या यंत्रात असतील तर ठेवण्याचे कारण नाही. प्लसच्या सदस्यत्वातून प्लेस्टेशन ३ चे खेळ मिळणे ८ मार्च २०१९ पासून थांबले. त्याआधी घेतलेले आणि आता कुलूपबंद असलेले खेळ यादीत ठेवून रोज त्यांच्याकडे पाहण्यात अर्थ नाही. सदस्यत्व पुन्हा घेतलेच, तर डाउनलोडच्या यादीतून ते परत आणता येतात. डेमोंच्या बाबतीत मात्र थोडे थांबावे, कारण स्टोअरमधून काढलेला डेमो एकदा यंत्रातून गेला की संपला.

बाकीचे प्रतिसादांतून बोलूच.


निमूट_वाचक (सोलापूर)

अतिशय उपयुक्त धागा. इतकी वर्षे अल्बमची सोय ठाऊकच नव्हती. एक शंका आहे. मी काल गेम विभागातून बरेच डेमो काढले, तरीही सिस्टिम इन्फर्मेशनमध्ये दिसणारी मोकळी जागा अपेक्षेपेक्षा फारच कमी वाढली. काढलेल्या वस्तू खरोखर जात नाहीत की काय?


चौकोनी_बटण (पुणे)

जातात. डेमो बहुधा लहान असतात, एवढेच त्याचे कारण असावे. गेम डेटा युटिलिटी उघडून एकेका नोंदीचे आकारमान पाहा, म्हणजे जागा कोणी अडवली आहे ते कळेल. उदाहरणार्थ 'मेटल गिअर सॉलिड ४' हा खेळ प्रत्येक अंकापूर्वी आपला डेटा हार्ड डिस्कवर उतरवत असे, आणि २०१२ च्या अपडेटनंतर सगळे अंक एकदम उतरवून ठेवण्याची सोय त्यात आली. तो खेळ पूर्ण करून डिस्क कपाटात ठेवलेल्या माणसाच्या यंत्रातही तो ऐवज तसाच असतो. डिस्क हाताशी असेल तर असा डेटा काढण्यात धोका नाही. पुन्हा खेळायला बसाल तेव्हा तो पुन्हा उतरेल, त्यात थोडा वेळ जाईल इतकेच.

आणखी एक जागा तपासा. पार्श्वभूमीत डाउनलोड केलेला खेळ प्लेस्टेशन ३ स्वतःहून बसवत नाही. त्याचा एक बुडबुड्यासारखा आयकॉन गेम विभागात वाट पाहत राहतो, आणि आपण त्यावर क्रॉसचे बटण दाबले तरच बसवण्याचे काम सुरू होते. अनेकांच्या यादीत असे बुडबुडे वर्षानुवर्षे पडून असतात. हवे असतील तर बसवा, नको असतील तर काढा. बसवताना मूळ पॅकेज आणि बसलेला खेळ अशी जवळपास दुप्पट जागा तात्पुरती लागते, म्हणून हार्ड डिस्क काठोकाठ भरलेली असेल तर आधी दुसरे काहीतरी काढावे लागेल.


राजारामपुरी (कोल्हापूर)

धागाकर्त्यांचे विवेचन नेमके आहे, पण मूळ भूमिकेशी माझे पटत नाही. हा सगळा खटाटोप जागेच्या कंजूषपणातून येतो. प्लेस्टेशन ३ मध्ये लॅपटॉपची साधी अडीच इंची साटा हार्ड डिस्क बसते, जाडी साडेनऊ मिलिमीटरपर्यंत चालते, आणि ती बदलण्याची मुभा कंपनीने पहिल्यापासून दिलेली आहे. जुन्या लॅपटॉपमधून निघालेली किंवा दुरुस्तीच्या दुकानात मिळणारी ५०० जीबीची डिस्क घालावी आणि काहीही काढू नये. आज काढलेला खेळ उद्या स्टोअरमधून परत मिळेलच, याची हमी कोण देणार?

२०२१ च्या मार्चमध्ये सोनीने जाहीर केले होते की प्लेस्टेशन ३ चे स्टोअर २ जुलै रोजी बंद होणार. लोकांनी ओरड केल्यावर एप्रिलमध्ये तो निर्णय प्लेस्टेशन ३ आणि व्हिटा या हातात धरायच्या यंत्रापुरता मागे घेतला गेला. एकदा जाहीर झालेली गोष्ट पुन्हा जाहीर होऊ शकते. माझ्या मते जे विकत घेतले आहे ते सगळे हार्ड डिस्कवर असावे, मग मेनू कितीही लांब होवो. लांबीवरचा उपाय फोल्डर हा आहे, कात्री नव्हे.


चौकोनी_बटण (पुणे)

विकत घेतलेल्या खेळांबाबत तुमचे म्हणणे मला मान्य आहे, आणि मूळ लेखात मी ते काढा असे म्हटलेलेही नाही. पण हार्ड डिस्क मोठी केल्याने गेम डेटा युटिलिटीतली अडगळ आणि कुलूपबंद आयकॉन नाहीसे होत नाहीत, ते नव्या डिस्कवर सुखाने राहायला येतात. आधी आवरावे आणि मग डिस्क बदलावी. बॅकअप युटिलिटीत निवड करण्याची सोय नाही. ती सगळेच उचलते, त्यामुळे आधी न काढलेल्या पसाऱ्याचा बॅकअप घेण्यात तासन्तास जातात.

हार्ड डिस्क बदलणाऱ्यांनी दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. ट्रॉफ्या, म्हणजे खेळात मिळवलेली बक्षिसे, बॅकअपमध्ये येत नाहीत. त्या आधी ट्रॉफी कलेक्शनमधून सर्व्हरशी जुळवून घ्याव्यात. आणि कोरी हार्ड डिस्क घातल्यावर फॅट (पहिली जाड आवृत्ती) व स्लिम (नंतरची सडपातळ आवृत्ती) यंत्रे सिस्टिम सॉफ्टवेअरची फाइल मागतात. ती पेन ड्राइव्हवर 'पीएस३' नावाच्या फोल्डरात, त्याच्या आतल्या 'अपडेट' नावाच्या फोल्डरात ठेवावी लागते, आणि दोन्ही नावे रोमन लिपीतील मोठ्या अक्षरांतच हवीत. पेन ड्राइव्ह किंवा बाहेरची डिस्क फॅट३२ या पद्धतीने फॉरमॅट केलेली असावी. एक्सफॅट आणि एनटीएफएस या दुसऱ्या पद्धती हे यंत्र ओळखत नाही, आणि आजकाल बाजारात मिळणारे ६४ जीबीचे आणि त्याहून मोठे ड्राइव्ह बहुधा एक्सफॅटच असतात. 'पेन ड्राइव्ह खराब आहे' अशा निम्म्या तक्रारी येथेच मिटतात.


पणजीकर (गोवा)

माझ्याकडे सुपर स्लिम ही त्यानंतरची आवृत्ती आहे, तीही १२ जीबीची. त्यात हार्ड डिस्क नसते, आतच फ्लॅश मेमरी असते. वरची सगळी चर्चा आम्हा लोकांसाठी अधिकच निकडीची आहे, कारण डिस्कवरचा एखादा मोठा खेळ आपला डेटा उतरवू लागला की दुसऱ्याला जागा उरत नाही. मी बरीच वर्षे एका वेळी एक खेळ असा संसार केला: खेळ संपवायचा, सेव्ह पेन ड्राइव्हवर उतरवायचा, गेम डेटा काढायचा, मग पुढची डिस्क. मेनू आपोआप आटोपशीर राहत असे, हे मात्र खरे.

शेवटी हार्ड डिस्क घातलीच. या आवृत्तीत डिस्क धरून ठेवणारा धातूचा कंस वेगळा घ्यावा लागतो. तो नसेल तर डिस्क नीट बसत नाही. डिस्क घातल्यावर यंत्र आतल्या मेमरीतला ऐवज तिच्यावर उतरवून देण्याची विचारणा करते. त्यानंतर ती १२ जीबीची मेमरी साठवणुकीसाठी वापरता येत नाही, दोन्हींची बेरीज होत नाही. ही गोष्ट दुकानदार सांगत नाहीत, म्हणून येथे लिहून ठेवतो.


अटलांटिकपार (न्यू जर्सी)

परदेशातील सदस्यांच्या बाबतीत पसाऱ्याचे एक वेगळेच कारण असते, ते नोंदवतो. माझ्या गेम डेटा युटिलिटीत एकाच खेळाच्या दोन नोंदी होत्या आणि दोन्हींची चित्रे सारखीच दिसत होती. कारण असे की भारतात असताना घेतलेल्या डिस्का युरोपीय संकेतांकाच्या होत्या, म्हणजे त्यांच्या खोक्याच्या कडेवर बीएलईएसने सुरू होणारा क्रमांक होता, आणि येथे घेतलेल्या बीएलयूएसच्या. यंत्राच्या दृष्टीने हे दोन वेगळे खेळ आहेत. अपडेट वेगळे उतरतात, गेम डेटा वेगळा बसतो, आणि बहुतेक खेळांत एकाचा सेव्ह दुसऱ्याला ओळखीचा वाटत नाही. डाउनलोडचे जास्तीचे भागसुद्धा डिस्कच्याच प्रदेशाच्या खात्यावरून घ्यावे लागतात.

तेव्हा 'ही नोंद दोनदा आली आहे' असे समजून एक उडवण्यापूर्वी, आपण सध्या कोणत्या संकेतांकाची डिस्क वापरतो ते तिच्या खोक्याच्या कडेवर पाहावे. सेव्ह पेन ड्राइव्हवर उतरवला की फोल्डरच्या नावातच हा संकेतांक दिसतो, त्यावरून संगणकावरही खात्री करता येते.

दुसरी सूचना लॉगिनविषयी. 'परत डाउनलोड करता येईल' या भरवशावर काहीही काढण्याआधी, मुळात आपल्याला त्या यंत्रावरून खात्यात शिरता येते का ते तपासा. खात्याला दोन टप्प्यांची पडताळणी लावलेली असेल तर प्लेस्टेशन ३ नेहमीचा पासवर्ड स्वीकारत नाही. संकेतस्थळावरून 'डिव्हाइस सेटअप पासवर्ड' तयार करून तो यंत्रावर टाकावा लागतो. हे ठाऊक नसल्यामुळे आपले खाते कायमचे गेले असे समजून बसलेले लोक मी पाहिले आहेत. तसेच २०२१ च्या ऑक्टोबरपासून या यंत्रावर थेट कार्डाने खरेदी होत नाही. पैसे आधी वॉलेटमध्ये असावे लागतात. अर्थात जे पूर्वीच घेतले आहे त्याच्या डाउनलोडशी याचा संबंध नाही.


लेकाची_आई (नाशिक)

मी स्वतः खेळत नाही, पण आमच्या घरातले यंत्र आवरण्याचे काम माझ्यावर आले आहे, म्हणून हा धागा पूर्ण वाचला. मुलगा आता शिकायला बाहेरगावी आहे. त्याने लहानपणी 'लिटलबिगप्लॅनेट'मध्ये स्वतः बरेच टप्पे तयार केले होते, आणि ते तरी काढू नकोस असे त्याने फोनवर बजावले आहे. यादीत त्या नावाच्या एकाहून अधिक नोंदी दिसतात. एक गेम डेटा युटिलिटीत आहे, बाकीच्या सेव्ह्ड डेटा युटिलिटीत आहेत. नेमकी कोणती ठेवायची?


चौकोनी_बटण (पुणे)

ताई, त्या नावाची एकही नोंद काढू नका, कोणत्याही युटिलिटीतली असो. त्या खेळाचे प्लेस्टेशन ३ वरचे सर्व्हर २०२१ मध्ये कायमचे बंद झाले. मुलाने तेव्हा टप्पे इंटरनेटवर चढवले असले तरी ते आता तुम्हाला यंत्रावरून उतरवता येणार नाहीत, आणि घरातल्या यंत्राच्या हार्ड डिस्कवर जे आहे तेच त्याच्या हातचे मूळ आहे असे धरून चाला.

शक्य झाल्यास आधी प्रत काढा. सेव्ह्ड डेटा युटिलिटीत त्या नोंदीवर जाऊन त्रिकोण, मग 'कॉपी', आणि पेन ड्राइव्ह निवडायचा. काही खेळांच्या सेव्हवर कॉपीची बंदी असते आणि तसे यंत्रच सांगते. तसे झाले तर सेटिंग्जमधल्या सिस्टिम सेटिंग्जखाली असलेली बॅकअप युटिलिटी वापरा. तिच्यात असे सेव्हही येतात, फक्त ते पुन्हा त्याच यंत्रावर उतरवता येतात, दुसऱ्यावर नाही. मुलगा पुढे दुसरे प्लेस्टेशन ३ घेणार असेल तर दोन्ही यंत्रे लॅन केबलने जोडून 'डेटा ट्रान्स्फर युटिलिटी'ने सगळे हलवावे लागेल.

एक विनंती अशी की वापरकर्त्यांच्या विभागातले मुलाचे खाते काढू नका. खेळ आणि गेम डेटा सगळ्या खात्यांत सामाईक असतात, पण सेव्ह प्रत्येक खात्याचे स्वतंत्र असतात. खाते काढले की त्याचे सेव्ह, संदेश आणि न जुळवलेल्या ट्रॉफ्या त्याच्याबरोबर जातात. आवरणाऱ्यांचा हात सगळ्यात आधी या विभागाकडे जातो, कारण तेथे अनोळखी नावे दिसतात आणि डिलीट अगदी सोपे असते. सगळ्यात जास्त नुकसान होते तेही तेथेच.


भायखळा_लोकल (मुंबई)

खात्यांचा विषय निघाला म्हणून विचारतो. मी लॅमिंग्टन रोडवरून जुने स्लिम घेतले. त्यात आधीच्या मालकाची चार खाती, ढीगभर खेळ आणि गेम विभागात पॅकेज फाइली (खेळ बसवण्याच्या फाइली) बसवण्याचा एक आयकॉन आहे. हा आयकॉन माझ्या मित्राच्या यंत्रात नाही. एकेक करून काढू की सरळ सगळे पुसून टाकू?


राजारामपुरी (कोल्हापूर)

इथे मी कात्रीच्या बाजूने आहे. दुसऱ्याच्या खात्याचे खेळ ते खाते त्या यंत्रावर कार्यान्वित असेपर्यंतच चालतात. त्यांच्या भरवशावर राहू नये. सेटिंग्जमधून 'रिस्टोअर पीएस३ सिस्टिम' करून कोऱ्या पाटीने सुरुवात करावी. द्रुत आणि संपूर्ण असे दोन प्रकार विचारले जातात. स्वतः वापरण्यासाठी द्रुत पुरे, यंत्र पुढे विकायचे असेल तर संपूर्ण करावे, त्याला बराच वेळ लागतो.

विकणाऱ्यांनीही एक करावे: पुसण्याआधी खाते निष्क्रिय करावे. २०११ च्या नोव्हेंबरपासून एका खात्याला खेळांसाठी दोनच प्लेस्टेशन ३ यंत्रे जोडता येतात, आधी पाच जोडता येत असत. निष्क्रिय न करता यंत्र विकले की एक जागा अडकून बसते.


चौकोनी_बटण (पुणे)

सहमत. तुम्ही सांगता तो पॅकेज फाइलींचा आयकॉन मूळ सॉफ्टवेअरमध्ये नसतो. यंत्रात बदललेले सिस्टिम सॉफ्टवेअर आहे असा त्याचा अर्थ. नुसती हार्ड डिस्क पुसल्याने ते जाईलच असे नाही. अशा यंत्राने ऑनलाइन गेल्यास खात्यावर बंदी येण्याचा धोका असतो, म्हणून आपले नेहमीचे खाते त्यावर जोडू नका. त्यापुढचा विषय या धाग्याच्या कक्षेबाहेरचा आहे.


निमूट_वाचक (सोलापूर)

रिबिल्ड डेटाबेस कसे करायचे ते कोणी सविस्तर लिहील का? सेफ मोड या शब्दाचीच भीती वाटते. पॉवरचे बटण दाबून धरून पाहिले तर यंत्र चालू झाले आणि लगेच बंद पडले.


अटलांटिकपार (न्यू जर्सी)

बंद पडले म्हणजे अर्धे काम झाले होते. ती पहिली पायरीच आहे. यंत्र बंद, म्हणजे लाल दिवा असताना बटण दाबून धरायचे. यंत्र चालू होते आणि आपण बोट न काढल्यास काही सेकंदांनी स्वतःच बंद होते. मग बोट काढायचे आणि पुन्हा दाबून धरायचे. या वेळी चालू होताना एक बीप येते, साधारण पाच सेकंदांनी दुसरी येते, आणि तरीही बोट तसेच ठेवले की लागोपाठ दोन झटपट बीप येतात. त्या ऐकू आल्या की बोट काढायचे. दुसऱ्या बीपला सोडले तर फक्त चित्राची सेटिंग मूळपदावर येते, आणि बहुतेकांची चूक तेथेच होते.

पडद्यावर कंट्रोलर केबलने जोडून त्याच्या मधले पीएस बटण दाबण्याची सूचना येते. येथे बिनतारी जोडणी चालत नाही, आणि केवळ चार्जिंगपुरत्या केबलनेही काम होत नाही. त्यानंतर सहा पर्यायांची यादी दिसते. चौथा पर्याय 'रिबिल्ड डेटाबेस'. त्याच्या लगेच खालचा पाचवा पर्याय 'रिस्टोअर पीएस३ सिस्टिम' आहे आणि तो सगळे पुसतो, म्हणून क्रॉस दाबण्यापूर्वी ओळ दोनदा वाचावी. यंत्र अधूनमधून अडकत असेल तर आधी तिसरा, 'रिस्टोअर फाइल सिस्टिम' करून मग चौथा करणे अधिक चांगले.


चौकोनी_बटण (पुणे)

उत्तम लिहिले आहे. माझी एक पुरवणी: हे काम चालू असताना वीज जाता कामा नये. आमच्या भागात गुरुवारी दुरुस्तीच्या नावाखाली कधीही वीज जाते, त्यामुळे मी असली कामे गुरुवारी काढतच नाही. ज्यांच्याकडे इन्व्हर्टर आहे त्यांनी टीव्ही आणि यंत्र दोन्ही त्याच्या जोडणीवर आहेत ना, ते पाहावे. टीव्ही बंद पडल्यावर घाबरून यंत्राचेही बटण दाबणारे लोक असतात.


पणजीकर (गोवा)

फोल्डरांना नावे कोणत्या तत्त्वावर द्यावीत, यावर मंडळींचे मत काय? मी शर्यती, मारामारी, कोडी असे खेळाच्या प्रकाराप्रमाणे दिले होते, पण निम्मे खेळ दोन-दोन प्रकारांत बसतात.


चौकोनी_बटण (पुणे)

एका खेळाला एकच अल्बम देता येतो, म्हणून प्रकारानुसार केलेली वाटणी हमखास अडते. आमच्या घरी मी ती माणसांनुसार केली आहे: मुलांचे, दोघांनी मिळून खेळायचे, माझे अर्धवट राहिलेले, आणि पूर्ण झालेले. 'अर्धवट राहिलेले' हा फोल्डर सगळ्यात कामाचा ठरतो, कारण यंत्र चालू केल्यावर आपल्याला बहुतेक वेळा तेच हवे असते. नाव टंकताना कंट्रोलरने अक्षर अक्षर वेचत बसण्यापेक्षा संगणकाचा साधा यूएसबी कीबोर्ड जोडावा. तो या यंत्रावर चालतो. आणि स्पेलिंग सगळीकडे तंतोतंत सारखे ठेवावे. एखादे अक्षर जरी बदलले तरी वेगळा फोल्डर तयार होतो.


राजारामपुरी (कोल्हापूर)

माणसांनुसार वाटणी ही कल्पना आवडली. माझ्याकडे खेळणारा माणूस एकच, त्यामुळे माझे दोनच फोल्डर होतील: खेळलेले आणि न खेळलेले. दुसरा फार मोठा आहे.


लेकाची_आई (नाशिक)

सांगितल्याप्रमाणे त्या खेळाच्या सगळ्या नोंदी ठेवल्या आणि बाहेरच्या डिस्कवर बॅकअप घेतला. कुलूप लागलेले खेळ काढले. यादी बरीच आखडली. आता एकच राहिले आहे. फोटो, संगीत आणि व्हिडिओ या तिन्ही विभागांत 'मीडिया सर्व्हर शोधा' अशा अर्थाचा आयकॉन आहे आणि त्याखाली आमच्या नव्या टीव्ही बॉक्सचे नाव दिसते. तो काढण्याचा पर्याय त्रिकोणाने येत नाही. शिवाय यंत्र चालू केले की प्रत्येक वेळी जाहिरातींसारखा एक पडदा आधी येतो.


अटलांटिकपार (न्यू जर्सी)

दोन्हींचा उगम सेटिंग्जमध्ये आहे, म्हणून तेथे त्रिकोण चालत नाही. नेटवर्क सेटिंग्जमध्ये 'मीडिया सर्व्हर कनेक्शन' निष्क्रिय केले की तिन्ही विभागांतले ते आयकॉन निघून जातात. घरातल्या संगणकावरची गाणी किंवा चित्रपट यंत्रावर पाहत असाल तर मात्र ते चालू ठेवावे लागेल. सुरुवातीचा पडदा 'व्हॉट्स न्यू'चा आहे. सिस्टिम सेटिंग्जमध्ये तो दाखवायचा की नाही याचा पर्याय आहे, तो बंद करा. तेथेच डिस्क घातल्याबरोबर खेळ आपोआप सुरू होण्याचीही सेटिंग आहे. ती बंद केली तर डिस्क आत असतानाही यंत्र चालू केल्यावर मेनू शांतपणे समोर येतो.

इंटरनेट जोडणीच पूर्ण बंद केली तर जाहिरातीही उतरत नाहीत, परंतु मग खेळांचे अपडेट आणि ट्रॉफ्यांची जुळवणी थांबते. मी ती चालूच ठेवतो.


लेकाची_आई (नाशिक)

दोन्ही झाले. फोल्डर मात्र मुलगा दिवाळीत आला की तोच करील. बॅकअपची ती डिस्क कशी वापरायची ते त्याला समजावून सांगण्यासाठी हा धागा पाठवला आहे.